काट्यांवर पडूनही

गुडघ्याचं ऑपरेशन झाल्यापासून लेक मला पाण्याचा ग्लाससुद्धा उचलू देत नाही. तीस वर्षं क्रेन चालवलेली बाई मी. शेवटी जावयाचा व्हिडिओ गेम हातात घेतला. गुहेत काटे, कोसळणारे दगड आणि जीव एकच. चुकलं की पुन्हा पहिल्यापासून. तीन आठवडे रोज मरत होते, पण प्रत्येक मरण माझ्याच चुकीनं होतं, म्हणून गोड लागत होतं.

आज काट्यांवर पडले आणि मेलेच नाही.

"आई, मी जरा सोपं करून ठेवलंय," जावई म्हणाला. "तुम्ही फार दमत होतात."

समोर गुहेचं शेवटचं दार उघडं होतं. मी आतापर्यंतचा सगळा खेळ पुसून गेम पुन्हा अवघड केला.

"जावईबापू, खुर्चीत बसवलंत, बसले. इथे मात्र मला माझ्या चुकीनं मरू द्या."