बावीस पायऱ्यांची सलामी

मित्रांनो, आधी विश्वंभररावांचा फायदा मोजू, माझी ओळख मागाहून करून देते. जनार्दनकाकांनी मला फुंकलं असतं, तर विश्वंभररावांच्या होणाऱ्या व्याह्यांवर छाप पडणार होती. नसतं फुंकलं, तर त्यांच्या पत्नीला, स्नेहलताबाईंना, पहिला पाट मिळणार होता. म्हणजे दोन्हीकडून भलं त्यांचंच. असा सौदा मांडणारा माणूस मी समुद्रावरही पाहिला नाही, आणि समुद्रावर मी सव्वीस वर्षं होते.

मी बोसनची शिट्टी. बोसन म्हणजे जहाजावरचे दोर, नांगर आणि होड्या सांभाळणाऱ्या खलाशांचा मुकादम. मी पितळेची आहे, वीतभरही लांब नाही. एका कारागिरानं मला डाख देऊन जोडलं. माझी बारीक नळी ती बंदूक, टोकाचा पोकळ गोळा तो बोया, खालची चपटी पट्टी ती कील आणि साखळी अडकवायची कडी ती शॅकल. खलाशांना फुशारकीची हौस, त्यामुळे एवढ्याशा शिट्टीतही त्यांनी अख्खं जहाज बसवलं आहे.

गोळ्यावर मूठ उघडी धरली की माझा सूर खाली राहतो, मूठ आवळली की वर चढतो. जुन्या काळी वाऱ्यापावसात माणसाचा आवाज पोचत नसे, तिथं मी पोचत असे. ओढा, सोडा, थांबा, जेवायला या, झोपा, सगळे हुकूम माझ्यातून निघत.

यातला एक हुकूम पुढे मोठा मानाचा झाला. त्याला म्हणतात ‘साइड पाइप करणं’. साइड म्हणजे जहाजाची बाजू. शिडांच्या जहाजांच्या काळात एका जहाजाचा कप्तान दुसऱ्या जहाजावर जेवायला जाई. समुद्र खवळलेला असला किंवा कप्तान म्हातारा असला की दोराची शिडी चढणं काही त्याला जमत नसे. मग त्याला खुर्चीत बसवून दोरानं वर ओढून घेत. ओढणारे खलाशी आत, खुर्ची बाहेर, एकमेकांना कुणी दिसत नाही. म्हणून बोसन कठड्याशी उभा राहून शिट्टीनं सांगे, ओढा, हळू, थांबा, उतरवा. हुद्दा जेवढा मोठा तेवढं पोट मोठं आणि तेवढे ओढणारे जास्त, असं खलाशी गमतीनं सांगतात.

पुढे खुर्ची गेली, पण शिट्टी राहिली. अधिकारी स्वतःच्या पायांनी शिडी चढतो, आणि तरीही बोसन खालून वर, वरून खाली असा लांब सूर लावतो. हमालीचा हुकूम होता, त्याची सलामी झाली. ही सलामी ज्याला त्याला मिळत नाही. ठरावीक अधिकाऱ्यांना मिळते, आणि जहाजावरून शेवटचं उतरणाऱ्या मेलेल्या माणसालाही मिळते.

जनार्दनकाकांनी ती एकदा त्यांच्या जहाजाच्या आचाऱ्याला दिली होती. भर समुद्रात त्याचं हृदय बंद पडलं. बंदरात त्याला झाकून खाली उतरवलं, तेव्हा काकांनी मला ओठांना लावलं. तो सूर शेवटी थरथरला होता. कुणी तसं म्हणालं नाही, पण मला तर ठाऊक आहे.

काका नौदलातून बोसन म्हणून निवृत्त होऊन झाशीला आले. इथून समुद्र इतका लांब की शेजारचे लोक त्यांना ‘जहाजवाले कक्का’ म्हणत आणि त्यांनी विमान चालवलं असं समजत. मला काकूंच्या शिवणाच्या डब्यात जागा मिळाली, बटणं आणि रिकाम्या रिळांच्या शेजारी. तिथं मी अकरा वर्षं काळी पडत गेले. मग अनुसूयाकाकू पडल्या, कंबरेचं हाड मोडलं. हाड जुळलं, पण जिना कायमचा सुटला. हाक मारायला सोपं जावं म्हणून काकांनी मला चिंचेनं घासलं आणि दोरीत ओवून त्यांच्या गळ्यात अडकवलं. काकू मला फार वाईट वाजवत. तहान लागली, रिमोट खाली पडला, दूध उतू जातंय, सगळ्याला एकच किंकाळी.

आता पाटाचं सांगते. ओरछा गेटजवळ मराठी मंडळाची साधी दुमजली इमारत आहे. गणपती वरच्या हॉलमध्ये बसतो. खालचं अंगण आणि दोन खोल्या रामसनेही नावाच्या टेंट हाऊसवाल्याकडे भाड्यानं आहेत, तिथं त्याचे बांबू, गाद्या, कनाती रचलेल्या असतात. पाचव्या दिवशी सकाळी बायका स्तोत्राची एकवीस आवर्तनं म्हणतात. पहिल्या पाटावरची बाई सूर धरते, बाकीच्या तिच्यामागे जातात. तीस वर्षं तो पाट अनुसूयाकाकूंचा होता. या शहरात घरोघरी नातवंडं हिंदीत भांडतात आणि हिंदीतच रुसतात, पण त्या एका सकाळी काकूंचा सूर धरून सगळी पाठ म्हणतात. मंडळाचा नियम असा, की आजारी बाईचा पाट दोन वर्षं रिकामा ठेवायचा, तिसऱ्या वर्षी पुढच्या बाईला द्यायचा. काकूंची दोन वर्षं संपली होती. पुढची बाई स्नेहलताबाई, आणि मंडळाचे अध्यक्ष त्यांचेच यजमान, विश्वंभरराव.

ते गणपतीच्या आठवडाभर आधी काकांच्या घरी आले.

“काका, सोपं काम आहे,” ते म्हणाले. “आमच्या सुजयसाठी ग्वाल्हेरच्या नीलकंठरावांची मुलगी सांगून आली आहे. त्यांनाच पाचव्या दिवशी प्रमुख पाहुणे म्हणून बोलावलंय. ते जिना चढायला लागले की तुम्ही ती नेव्हीवाली शिट्टी वाजवायची. मी व्हिडिओ बघितलाय. काय भारी वाटतं!”

“नौदलात आहेत का ते?”

“इंजिनीअरिंग कॉलेज आहे त्यांचं.”

“जहाजावर चढणार आहेत?”

“आता झाशीत जहाज कुठून आणू, काका? जिना आहे ना आपला!” विश्वंभरराव हसले, मग आवाज उतरवून म्हणाले, “तुम्ही वाजवलंत तर आवर्तनं खाली अंगणात घेतो. काकू आरामात येतील. नाहीतर मग वरच, आणि नियम तर तुम्हाला माहीतच आहे.”

ते गेल्यावर काकू म्हणाल्या, “वाजवून टाका की. दहा-बारा सेकंदांचं तर काम.”

“तोच सूर मी आचाऱ्याला दिलाय,” काका म्हणाले. “आता विश्वंभरच्या व्याह्यांना कसा देऊ?”

काकूंनी थोडा वेळ माझी दोरी बोटाला गुंडाळली. “मग नका देऊ. पण मला वर न्या.”

पाचव्या दिवशी सकाळी काकांनी घरची हातांची लाकडी खुर्ची आणली. रामसनेहीनं दोन आखूड बांबू काढून दिले आणि खुर्चीला पक्के बांधले. उचलायला चौघं ठरले होते. रेल्वेतला मुकुल, रेल्वेतलाच आशिष, खुद्द रामसनेही आणि चौथा सुजय. हो, विश्वंभररावांचाच मुलगा. लहानपणी त्याला काकूंनीच पाठ शिकवला होता, म्हणून वडिलांना न सांगता आला. ऐन वेळी आशिषचा फोन आला, त्याची मालगाडी चिरगाँवला सिग्नलला अडकली होती.

“आता?” मुकुल म्हणाला. “तिघांनी खुर्ची कशी जाणार?”

तेवढ्यात दारातून एक जाडसर गृहस्थ आत आले. अंगात रेशमी कुर्ता. त्यांनी खुर्चीकडे पाहिलं, जिन्याकडे पाहिलं आणि मागच्या बांबूला हात घातला.

“अरे दद्दा, कुर्ता खराब हो जैहे,” रामसनेही म्हणाला.

“धुल जाएगा. उठाओ.”

जिन्याला बावीस पायऱ्या आणि मधे एक वळण आहे. पुढच्या दोघांना मागचे दिसत नाहीत. चौथ्या पायरीवरच गोंधळ उडाला.

“उचल, उचल!” मुकुल ओरडला.

“रुक जा, मेरा हाथ फँसा है!” सुजय.

“तनक ठैरो भैया!” रामसनेही.

खुर्ची एका अंगाला कलली. काकूंनी कठडा धरला. “अरे, मला काय दळण म्हणून नेताय? अहो, तुम्ही नुसते बघत काय उभे! ही घ्या, आणि यांना एका भाषेत सांगा.” त्यांनी मला गळ्यातून काढलं आणि काकांच्या हातात दिलं.

काका वळणावर जाऊन उभे राहिले, जिथून पुढचे दिसत आणि मागचेही. “सूर चढला की उचला. उतरला की टेकवा. तुटला की जागेवर थांबा. तोंडानं कुणी बोलायचं नाही.”

मग त्यांनी मला फुंकलं.

चढता सूर, दोन पायऱ्या. तुटका, थांबा. चढता, आणखी दोन. खालच्या बांबूंच्या ढिगांत मला क्षणभर डोलकाठ्या दिसल्या, पण ते जाऊ द्या. वळणावर खुर्ची फिरवताना काका मागे सरकले आणि माझा गोळा भिंतीवर आपटला. खड्डा पडला. काकांनी सूर सोडला नाही. त्यांची मान फुगली होती, डोळ्यांत पाणी आलं होतं, आणि मुठीत मला त्यांची नाडी लागत होती.

वर विश्वंभररावांनी माझा आवाज ऐकला. “आले, आले! बघ, काका शेवटी वाजवतायत! स्नेहा, तबक आण! सगळे उभे राहा!”

दोन रांगा झाल्या. पाकळ्या तयार, मोबाइल तयार. विश्वंभरराव मोठा झेंडूचा हार दोन्ही हातांत धरून जिन्याच्या तोंडाशी वाकले. बांबू धरलेले पुढचे दोघं कंबरेत वाकले होते, म्हणून पहिलं डोकं वर आलं ते पांढऱ्या केसांचं. हार हातातून सुटला होता, परत घेता आला नाही. तो अनुसूयाकाकूंच्या गळ्यात पडला. पाकळ्याही पडल्या. मागची पोरं टाळ्या वाजवायला लागली, मग सगळेच वाजवायला लागले.

स्नेहलताबाईंची नजर मागच्या बांबूकडे गेली, घामेघूम झालेल्या, खांद्यावर शिवण उसवलेल्या माणसाकडे. “भैया, कुर्सी उधर रख दो,” त्या म्हणाल्या, “और चप्पल नीचे उतारके आया करो.”

आमच्या मराठी घरांची ही सवय तुम्हाला माहीत असेल. ओझं उचलणारा माणूस दिसला की तोंडून आपसूक हिंदी निघतं.

“चुकलं, वहिनी,” तो माणूस शुद्ध मराठीत म्हणाला. “पहिला पाट कुठला तेवढं सांगा, म्हणजे खुर्ची तिथंच ठेवतो.”

विश्वंभररावांनी नीलकंठरावांना तेव्हा ओळखलं. वडिलांचा चेहरा बघून सुजयच्याही लक्षात आलं, आणि हातातला बांबू सोडावा की त्यांच्या पाया पडावं हे त्याला कळेना.

खुर्ची पहिल्या पाटाला टेकवून ठेवली. काकूंनी हार सारखा केला, पदर घेतला आणि सूर धरला. खालचा, सावकाश, पूर्वीपेक्षा थोडा फाटका. बाकीच्या बायका त्यामागे आल्या. स्नेहलताबाईही आल्या, अर्ध्या ओळीनंतर.

आवर्तनं संपल्यावर विश्वंभरराव काकांजवळ आले. काका अजून भिंतीला टेकून श्वास गोळा करत होते.

“मान देणार नाही म्हणाला होतात ना, काका?”

“मी कुठं दिला? माझा हमालीचा हुकूम होता. हार कुणी घातला?”

प्रमुख पाहुण्यांचं भाषण छोटं झालं. नीलकंठराव म्हणाले की जिना त्यांच्या लक्षात राहील, सुजयची पकड चांगली आहे, आणि पुढच्या वर्षापासून आवर्तनं खाली अंगणात घ्या. सगळ्यांनी पुन्हा टाळ्या वाजवल्या. रामसनेही तेव्हा दाराबाहेर पायरीवर उभा राहून प्रसाद खात होता. त्याला कुणी विचारलं नाही.

याला आता दोन वर्षं झाली. मी पुन्हा काकूंच्या गळ्यात आहे. मित्रांनो, मला काचेच्या कपाटात ठेवू नका, वाजवून झालं की पुसून ठेवा, तेवढं पुरे. माझ्यासारख्या जुन्या वस्तू मानानं टिकत नाहीत, कामानं टिकतात.

हिशेब सांगायचा राहिला. काकूंना पाट मिळाला. विश्वंभररावांना एक हार चुकीच्या गळ्यात गेला म्हणून आठवडाभर वाईट वाटलं, पण सोयरीक जमली, म्हणजे ते फायद्यातच. नीलकंठरावांची शिवण गेली. काकांची छाती दोन दिवस दुखली. माझ्या गोळ्यातला खड्डा तसाच आहे, वरचा सूर आता जरा घोगरा निघतो.

आणि दर गणपतीत, ऐन धंद्याच्या दिवसांत, रामसनेही अंगणातले सगळे बांबू, गाद्या आणि कनाती पाच दिवसांसाठी गल्लीत काढून ठेवतो. पाऊस आला की त्यांच्यावर ताडपत्री ओढतो आणि रात्री शेजारीच राखणीला झोपतो. यात त्याचा पाट नव्हता, व्याही नव्हते, कसलंच काही अडलेलं नव्हतं. काकू प्रसाद पाठवतात तेव्हा तो उभ्याउभ्या हात जोडतो, “हओ काकी” म्हणतो आणि उरलेल्या गाद्या उचलायला वळतो.

खर्च त्याच्या नावावर.