ज्युलिएटचं खळं

हंडा भरायला किती वेळ लागतो, असं विचारलं तर ज्युलिएट मिनिटांत सांगत नाही. नळाखाली हंडा लावून ती ‘नमो मारिया’ म्हणत बसते. अर्नाळ्यातल्या आमच्या आळीत बऱ्याच जणी असंच मोजतात. पूर्वी नऊ प्रार्थनांत हंडा भरायचा. मग आकडा वाढत गेला, आणि यंदा पन्नास प्रार्थनांची अख्खी रोझरी संपली तरी पाणी काठाला येईना.

फेब्रुवारीत पाणी खात्याचे साहेब संमतीचे कागद घेऊन आले. पाइप जुना, आळी टोकाला, पाणी पोचणं शक्यच नाही. म्हणून सातांपैकी शेवटचे चार नळ काढून दुपारी टँकर पाठवू, असं त्यांचं म्हणणं. त्या चार घरांपैकी शेजारच्या हरेश्वरसकट तिघांनी सह्या केल्या; उरली ज्युलिएट. दुपारी ती बाजारात मासळी विकत असते. टँकरपाशी उभं कोण राहणार?

“शक्य नाय, ते कोनी मोजलं?” तिने विचारलं.

साहेब हसले. आठ दिवसांनी येतो, तोवर विचार करा, म्हणाले.

शाळा सुटली की माझ्या ओट्यावर मुलं गणिताला बसतात. मी म्हटलं, आपण मोजू. पाण्याच्या पाइपांचं गणित करणारं एक सॉफ्टवेअर आहे. ते फुकट आहे, ब्राउझरमध्येच चालतं, आणि त्याचा कोडही सर्वांसाठी खुला आहे. नववीतल्या जीनाला हेच आवडलं. पुस्तकाच्या मागच्या पानावरच्यासारखं नुसतं उत्तर नाही, रीतही बघता येते, असं ती म्हणाली.

पाइपांचा जुना नकाशा मी माहितीच्या अधिकारात मागवलेला होताच. त्यावरून मुलांनी स्क्रीनवर टाकी, पाइप आणि सात नळ मांडले. जाळ्याच्या दोरीने आळीची लांबी मोजली. मग घड्याळ घेऊन प्रत्येक नळावर हंडा लावला. पहिल्या तीन नळांवर दोन-दोन मिनिटं, चौथ्यापासून पुढे अकरा.

“पाइप गंजून अरुंद झाला असेल,” जीना म्हणाली.

“करून बघ.”

तिने सगळा पाइप अरुंद केला. स्क्रीनवरचं पाणी नळागणिक थोडंथोडं कमी होत गेलं. आमच्या आळीत मात्र ते एकाच ठिकाणी एकदम पडत होतं. तिने पाइप पहिल्यासारखा केला आणि तिसऱ्या नळापुढचा व्हॉल्व्ह, आमच्या भाषेत वॉल, जवळजवळ बंद केला. आकडे जुळले. तोच वॉल पूर्ण उघडल्यावर सातव्या नळाचा हंडाही सव्वादोन मिनिटांत भरू लागला.

पण नकाशात वॉल होता त्या जागी गेलो, तर तो दिसेना. तिथे ज्युलिएटचं जवळा वाळवायचं खळं होतं. दर वर्षी पावसाळा सरला की ती त्यावर मातीचा नवा थर देऊन सारवते. वॉलचं झाकण कधी खाली गेलं, तिलाही कळलं नव्हतं. वर्षानुवर्षं कुणी तो फिरवलाच नव्हता, त्यामुळे त्याची आतली झडप हळूहळू खाली बसत गेली असणार.

हरेश्वर म्हणाला, गप्प बसू या, चूक आपलीच निघाली तर साहेबांच्या हाती कोलीतच. मुलं माझ्याकडे बघायला लागली. मी त्यांना एवढंच सांगितलं, की गणितात आपल्याला गैरसोयीचा आकडा खोडता येत नाही.

ज्युलिएट खळ्यावर गेली. ऐन हंगाम होता, जवळा पसरलेला होता. मग तिने तो सुपात गोळा करायला घेतला.

साहेब आले तेव्हा खळ्याच्या मधोमध खड्डा होता आणि ती फावडं घेऊन त्याच्या काठावर उभी होती. जीनाने लॅपटॉप पुढे केला. साहेब म्हणाले, पोरांच्या खेळावर खातं चालत नाही.

“नका चालवू,” ज्युलिएट म्हणाली. “खला माझा, तो मी फोडला. वॉल तुमचा, तो तुमी फिरवा. नाय फिरला, तर इथेच सही करते.”

आळी गोळा झाली होती. साहेबांनी बरोबरच्या माणसाला खूण केली. चावी करकरली, अडकली, मग हळूहळू फिरली. सातव्या नळाखाली ज्युलिएटने हंडा लावला आणि तिचे ओठ हलू लागले. बाराव्या प्रार्थनेला पाणी काठावरून सांडलं.

हरेश्वरने आपला कागद परत मागितला आणि उभ्याउभ्या फाडला. ज्युलिएटने सहीविना राहिलेल्या आपल्या कागदात मूठभर जवळा बांधला आणि पुडी साहेबांच्या हातात ठेवली.

जीना घड्याळ बघत होती. “मास्तर, दोन मिनिटं चाळीस सेकंद. पंचवीस सेकंद जास्त लागले.”

“मग?”

“पुढे अजून काहीतरी अडकलंय. साहेब, थांबा ना जरा.”