वडिलांचं ‘बघू’

वडिलांचं पत्र दर सोमवारी तिच्या लिफ्ट कंपनीच्या डेपोच्या पत्त्यावर यायचं. खोलीच्या पत्त्यावर पाठवा, असं तिचं निदान वीस वेळा तोंडी सांगून झालं होतं, पण तिच्या इमारतीतल्या टपालपेटीवर त्यांचा भरवसा नव्हता. पाकिटावर ‘चि. ठमी हिस’ असं ठसठशीत लिहिलेलं असायचं. त्यामुळे बत्तीस वर्षांच्या, सहा वर्षं लिफ्ट दुरुस्त करणाऱ्या मेकॅनिकला अख्खा डेपो ठमी म्हणू लागला होता. स्टोअरकीपर तर पाकीट हवेत हलवत जाहीर करायचा, “ठमीबाई, उपदेश आला.”

वडिलांनी पन्नास वर्षं कोट शिवले होते. गिऱ्हाईक मोठं, आपण लहान, हे त्यांच्या हाडात मुरलेलं. पत्रातही तेच, मुद्द्यांना आकडे घालून. कुणाच्या घरी गेल्यावर आधी माणसांकडे बघावं, मग यंत्राकडे. पाणी पुढे केलं तर निदान एक घोट घ्यावा. खिशात रुमाल असावा, ग्रीसचा नव्हे, दुसरा. आणि दर तीन पत्रांमागे एकदा हटकून येणारा मुद्दा: मोठ्या माणसाला तोंडावर ‘नाही’ म्हणू नये, ‘बघू’ म्हणावं, ‘बघू’ने कुणाचं काही बिघडत नाही.

ती वाचायची, चरफडायची, पाकीट हत्यारांच्या पेटीत कोंबायची. तिला सगळ्यात राग याचा होता की इतकं वाचून वाचून ते अंगात भिनलं होतं. पाण्याचा घोट ती खरंच घ्यायची.

मग ते पाच मजली इमारतीचं प्रकरण झालं. तिथली लिफ्ट मजल्याच्या बरोबरीने थांबत नव्हती, चार बोटं खाली राहत होती. तिने वर मशीनच्या खोलीत जाऊन पाहिलं, तर ब्रेक झिजला होता. नवा भाग येईपर्यंत लिफ्ट बंद ठेवायला हवी होती. ती कुलूप लावायला निघाली तेवढ्यात इमारतीचे चेअरमन आडवे आले. रविवारी त्यांच्याकडे पाहुणे येणार होते. “सोमवारी बंद करा ना,” ते म्हणाले, “चार दिवसांनी काय आभाळ कोसळतंय?”

तिने ‘नाही’ म्हणायला तोंड उघडलं आणि तोंडातून आलं, “बघू.”

शनिवारी तिसऱ्या मजल्यावरच्या घड्याळवाल्या बाई लिफ्टमधून बाहेर पडताना त्या चार बोटांना ठेचकाळल्या आणि हातावर पडल्या. उजवं मनगट मोडलं. बाई घरीच घड्याळं दुरुस्त करायच्या. केसाएवढ्या स्प्रिंगा बसवणारा तोच हात होता.

सोमवारी लिफ्टला कुलूप लागलं, आणि त्याच सोमवारी वडिलांचं पत्र आलं. त्यात घरात शिरताना चपला कशा काढाव्यात, यावर दीड पान होतं.

त्या दिवशी तिने सहा वर्षांत पहिल्यांदा उलट पत्र लिहिलं. झालेलं सगळं सांगितलं आणि शेवटी लिहिलं, ‘तुमच्या बघूने फार तर एखाद्याचा कोट आठवडाभर लांबला असेल. माझ्या बघूने बाईचा हात मोडला. यापुढे मला पत्र पाठवू नका.’

पत्र आलं नाही. तिसऱ्या दिवशी सकाळी वडीलच आले, इस्त्रीचा कोट घालून, खांद्याला पिशवी लावून.

“ही पत्राने बोलायची गोष्ट नव्हती,” ते दारातच म्हणाले. “त्या बाईंना भेटून आलीस?”

“नाही.”

“आज पाचवा दिवस ना?”

“काय बोलू जाऊन? कंपनीने सांगितलंय, कुणाशी बोलायचं नाही.”

“कंपनीचं मला कळत नाही. माणूस पडलं तर भेटायला जातात. हे बूट बदल आधी.”

बूट तिने बदलले नाहीत. वाटेत त्यांचे मुद्दे सुरूच होते. उभ्याउभ्या विचारपूस करू नये. प्लॅस्टरकडे टक लावून बघू नये. फार वेळ बसू नये. जिना चढताना दुसऱ्या मजल्यावर ती म्हणाली, “बाबा, आता एक शब्द जरी बोललात तर मी इथूनच परत जाते.” तेव्हा कुठे ते गप्प झाले.

बाईंच्या खोलीत भिंतभर घड्याळं होती, टेबलावर उघडी पडलेली पाच-सहा आणखी. प्लॅस्टरमधला हात उशीवर ठेवून बाई डाव्या हाताने चिमटा धरायचा सराव करत होत्या. वडील खुर्ची ओढून त्यांच्या समोर बसले आणि दुखण्याबद्दल काही न विचारता म्हणाले, “कोणतं काम अडलंय?” बाईंनी एक रिस्टवॉच दाखवलं. वडिलांनी चष्मा बदलला, स्क्रू धरून ठेवला आणि बाई सांगतील तसा फिरवला. पाच दिवसांत बाईंचा चेहरा पहिल्यांदा सैल झाला असावा.

ती मात्र उभीच होती. मग एकदम म्हणाली, “ब्रेक झिजलाय हे मला माहीत होतं. लिफ्ट बंद करायला हवी होती. मी केली नाही.”

वडील खाकरले. तिच्या पावलावर त्यांचा पाय हलकेच पडला. तिने पाय काढून घेतला.

“का नाही केली?” बाईंचा आवाज चढला नाही, तेच जास्त लागलं.

“चेअरमन नको म्हणाले. मी बघू म्हणाले.”

“बघू? हे तुम्हाला कुणी शिकवलं?”

वडिलांनी हातातलं रिस्टवॉच टेबलावर ठेवलं.

“मी,” वडील म्हणाले. “ते मी शिकवलं.”

बाईंनी आधी तिच्याकडे, मग त्यांच्याकडे पाहिलं. “दोघंही सारखेच आहात,” त्या वैतागून म्हणाल्या. “आता निदान जे झालं ते लिहून तरी द्या.”

तेवढ्यात चेअरमन आले. मेकॅनिक आल्याचं त्यांना खालून कळलं होतं. त्यांच्या हातात लिफ्टची नोंदवही होती. मागच्या आठवड्याच्या तारखेखाली एक ओळ रिकामी होती. ‘तपासणीत दोष आढळला नाही’ एवढंच लिहून सही करा, म्हणजे सगळ्यांचाच ताप वाचेल, असं ते अगदी गोड शब्दांत म्हणाले.

“ती लिहिणार नाही,” वडील म्हणाले. “नाही म्हणजे नाही.”

तिने आयुष्यात त्यांच्या तोंडून हा शब्द ऐकला नव्हता. आनंद व्हायला हवा होता, झाला संताप. “बाबा, मला विचारलंय त्यांनी. मी बोलतेय ना?”

“बोल की. मी कुठे अडवलंय?”

तिने चेअरमनच्या हातातून वही घेतली आणि आजची तारीख घालून सगळं खरं लिहिलं: ब्रेक झिजल्याचं, चेअरमननी बंद ठेवायला नको म्हटल्याचं आणि आपण ते ऐकल्याचंही. खाली सही केली. चेअरमन वाचत वाचतच बाहेर गेले.

त्याची फळं तिला मिळाली. कंपनीने ताकीद दिली आणि तिला गोदामांच्या मालवाहू लिफ्टवर टाकलं. पण त्या नोंदीमुळे बाईंच्या उपचारांची जबाबदारी कंपनीला आणि इमारतीला नाकारता आली नाही. मनगट तीन महिन्यांनी चालू लागलं, पूर्वीसारखं नाही, पण चालू लागलं.

नोंद लिहिली त्या दिवशी दुपारी मात्र ती वडिलांना बसस्टॉपवर सोडायला गेली. बस आली. वडिलांनी एका बाईंना आधी जाऊ दिलं, मग एका आजोबांना, मग पाठीवर दप्तरं लावलेल्या चौघा कॉलेजकुमारांना. “आधी तुम्ही, आधी तुम्ही,” म्हणता म्हणता बस भरली आणि निघून गेली. पुढची तासाभराने होती.

तिने कपाळावर हात मारला. “बाबा, तुमचा नंबर दुसरा होता.”

“घाईत होते लोक.”

“मलाही कामावर जायचंय.”

“तू जा. मी बसतो.”

ती गेली नाही. बाकावर धुसफुसत बसली. वडील तिच्या शेजारी येऊन बसले आणि म्हणाले, “तो ब्रेक झिजला म्हणजे नेमकं काय झिजतं?”

तिने मान वळवून त्यांच्याकडे पाहिलं. सहा वर्षांत, तीनशेच्या वर पत्रांत, तिच्या कामाबद्दल त्यांनी एकही प्रश्न विचारला नव्हता.

“आत एक लायनिंग असतं,” ती म्हणाली.

“कोटाला असतं तसं?”

“कोटासारखं काही नसतं, बाबा. नीट ऐका.” तिने हत्यारांच्या पेटीतून त्यांचंच एक जुनं पाकीट काढलं, उलटं केलं आणि त्यावर ब्रेकचं चित्र काढायला घेतलं.

“रेघ सरळ काढ,” वडील म्हणाले.