मावशी म्हटलेली आई

पितृपक्षातला शनिवार. अमेरिकेतल्या शॉमबर्गच्या त्या घरात तिथीपेक्षा वीकेंडला मान, म्हणून तर्पणही शनिवारीच. सून सरला आमसुलाची चटणी वाटत होती, एक डोळा खिरीच्या दुधावर. आठवडाभर सॉफ्टवेअर तपासणारे आणि सुटीला सोवळं नेसणारे विष्णू गुरुजी दर्भ मांडत होते. सगळं दरसालसारखं. फक्त एकोणऐंशी वर्षांचे उल्हासराव दर्भाची अंगठी बोटात घालत आणि पुन्हा काढत होते.

आदल्याच दिवशी नात निधी लॅपटॉप घेऊन नाचत आली होती. "आजोबा, लुक! जुन्या बोलपटाची क्लिप. ही अल्बममधली तुमची मावशी आहे! मूव्ही स्टार होती, आणि तुम्ही सांगितलंच नाही?"

पडद्यावर घोडा दौडत होता आणि त्याच्यावर तलवार परजत मैनाबाई हसत होत्या. तेव्हाच्या 'मिस चंपकलता'. उल्हासरावांनी घाईघाईनं लॅपटॉप मिटला.

कारण ती मावशी नव्हती. आई होती.

सिनेमात काम करणारी ही बाई वडिलांनी कोल्हापूरच्या अब्रूदार घरात आणली. घरानं अट घातली: मुलगा आमचा, आई म्हणून नाव लागेल पहिल्या बायकोचं, सरस्वतीबाईंचं. ही मागच्या खोलीत मावशी म्हणून राहील. काम सुटलं, गाणं सुटलं. परसात पोराचे केस विंचरताना ती त्याच्या कानात सांगायची, "चारचौघांत चुकूनसुद्धा आई म्हणू नको हं राजा. तुझी सोयरीक व्हायची नाही." पोर भ्यालं ते भ्यालंच. ती गेली तेव्हा अग्नीही शेजाऱ्यानं दिला. पुढे उल्हासरावांनी पंचेचाळीस वर्षं अमेरिकेत काढली, पण ते भय सामानाबरोबर विमानात बसून आलंच. मंडळाच्या कीर्तनात बुवा तल्लीन होऊन म्हणत, "नाम घ्या रे, नाम घ्या!" तेव्हा सारी सभा टाळ्यांचा ठेका धरी आणि उल्हासराव मान खाली घालत.

बेल वाजली. निधीची होणारी सासू, देवयानी, वही घेऊन आत आली.

"नमस्कार काका! श्राद्धाला येऊ नये म्हणतात, पण प्रिंटरची डेडलाइन आहे ना. लग्नपत्रिकेत तीन पिढ्यांची नावं घालायचीत. आमच्याकडे बघतात हो अजून." मग जरा हळू, "आणि त्या सिनेमावाल्या मावशीच ना? निधीनं फोनवर सांगितलं. मावशी असेल तर ठीक. आमच्या सासूबाई म्हणाल्या, रक्तातलं नको, बस."

"मीन्स व्हॉट, काकू?" निधीनं विचारलं.

"काही नाही गं. जुनी माणसं."

उल्हासरावांनी वहीकडे पाहिलं. पोरीचं लग्न आता आपल्या जिभेवर आहे.

वडिलांना पाणी दिलं. आजोबांना, पणजोबांना दिलं. गुरुजी म्हणाले, "आता आई. अस्मन्मातरं... नाव घ्या काका."

उल्हासरावांनी पळी भरली, पण पाणी सोडलं नाही. गुरुजी थांबले. वाटण थांबलं.

"मैना," उल्हासराव म्हणाले.

"काका, दरवर्षी तर सरस्वती—"

"त्या वडिलांच्या पत्नी. त्यांनाही पाणी देईन. पण मला जन्म मैनानं दिला. बोलपटात काम करायची ती. मी तिला जन्मभर मावशी म्हटलं."

देवयानीचं पेन अडलं. कठोर बाई नव्हती ती, तीही भ्यालीच. "काका, हे पत्रिकेत नको ना. सासूबाईंना काय सांगू? सरस्वतीबाईंचंच घालू या. कोणाला कळतंय?"

ऐंशी वर्षांपूर्वीची अट पुन्हा या घरात येऊन बसली, चांगली साडी नेसून.

"नो काकू," निधी म्हणाली. "मैना लिहा. नाहीतर पत्रिका छापूच नका."

"अगं, आमच्या निमिषला तरी विचार! लग्न त्याचंही आहे."

"विचारते ना. आत्ता, तुमच्यासमोर." तिनं फोन लावला. स्पीकरवर ठेवला.

रिंग वाजत राहिली. उल्हासरावांचं भय तसूभरही कमी झालं नव्हतं. तरीही त्यांनी मैनाच्या नावानं पाणी सोडलं. एकदा, दोनदा, तीनदा.

लग्न झालं की मोडलं, हे विचारण्याआधी, बाबांनो, आपापल्या घरातल्या बायकांची नावं एकदा मोठ्यानं म्हणून पाहा. जिथं जीभ अडखळेल, तिथं कुणीतरी अजून पाण्यावाचून बसलेली आहे.