तारेने बांधलेलं लिंबू

रुद्रम्माने बॉनेट उचलून टेकूवर ठेवलं, कंदील आत धरला आणि वाकून वास घेतला. रबर जळलं होतं. तिने फ्यूजच्या डबीचं झाकण काढलं आणि दोन बोटांच्या चिमटीत काचेची नळी ओढून बाहेर घेतली. नळीभोवती सिगारेटच्या पाकिटातला चंदेरी कागद गुंडाळलेला होता. कागद एका अंगाने काळा पडून करपला होता.

"हे कुणाचं हुन्नर?" तिने विचारलं.

ड्रायव्हर बलभीमने मान खाली घातली. "माझंच, अक्का. दिवा पेटंना. मालकाला घाई."

"दिवा पेटंना म्हणून गाडी पेटवायची व्हय?"

बाहेर धुकं असं दाटलं होतं की जळकोटच्या सडकेवरून बैलगाडी चालल्याचं घुंगरांवरूनच तेवढं कळत होतं. शेडापुढची चिंचसुद्धा दिसत नव्हती. उजाडलं होतं म्हणायचं, पण उजेड ताकासारखा पांढरा होता आणि त्यातून पलीकडचं काही दिसत नव्हतं. अशा वेळी मोटारीचे मोठे दिवे लावले की समोर भिंत उभी राहते. बंपरवर खाली बसवलेला पिवळ्या काचेचा धुक्याचा दिवा तेवढा सडकेची कड दाखवतो. या काळ्या मोटारीचा तोच दिवा मेला होता. नळदुर्गच्या पुढे ती उसाच्या गाडीत घुसता घुसता राहिली होती.

मागच्या काचेतून भरजरी फेट्याचं डोकं बाहेर आलं. बेंबळीचे हिंमतराव पाटील. उमरग्याला थोरल्या मुलाचा साखरपुडा, नऊचा मुहूर्त. बायका-पोरं कालच एसटीने पुढे गेली होती. साडी, नारळ आणि साखरेची पुडी पाटलांच्या शेजारी सीटवर बसून चालली होती.

"मिस्त्री कुठाय?" पाटील म्हणाले.

"मिस्त्री आषाढात गेला," रुद्रम्मा बॉनेटमधूनच म्हणाली.

"गेला म्हंजी? कुठं गेला?"

"वारले, मालक," बलभीम हळूच म्हणाला.

पाटलांची नजर रुद्रम्माच्या कपाळावर गेली. तिथे भस्माची तीन बोटं होती, कुंकू नव्हतं. त्यांनी शेजारची साडी आपल्याकडे ओढून घेतली.

"मग बॉनेटमधी कोण हाय?"

"मी हाय."

ती काही फुशारकीने बोलली नव्हती. गुरलिंगप्पा मिस्त्री हैदराबादेत निजामाच्या राज्यात मोटारीचं काम शिकून आला आणि त्याने सडकेला लागून हे पत्र्याचं शेड घातलं. राज्य गेलं, नवं आलं, गुरलिंगप्पाचं शेड होतं तिथंच राहिलं. पुढे त्याच्या डोळ्यांत मोतीबिंदू उतरले. शेवटची सहा वर्षं तो बाकड्यावर बसून इंजिनाचा आवाज ऐके आणि सांगे. पाना फिरवायची ती त्याची बायको, रुद्रम्मा. गिऱ्हाईक म्हणे, मिस्त्रीच्या हाताची सर कुणाला नाही. हात तिचे होते. मिस्त्री गेला तसं गिऱ्हाईकही गेलं. आषाढापासून एकाही गाडीने शेडात चाक घातलं नव्हतं. सगळे पुढं उमरग्याला जात. दिराने तिला सांगून ठेवलं होतं, संक्रांतीपर्यंत बघ, न्हायतर शेडात मी कडबा भरतो. संक्रांतीला महिनाही उरला नव्हता.

तिने कोनाड्यातून बिस्किटांचा डबा काढला. आत फ्यूज होते. प्रत्येकाच्या गळ्यात दोऱ्याची गाठ बांधलेली: लहानाला एक, मोठ्याला दोन. आकडे मिस्त्रीला दिसत नव्हते आणि तिला वाचता येत नव्हते, म्हणून दोघांनी बोटांपुरती काढलेली ती लिपी. दोन गाठींचे फ्यूज दोनच उरले होते. तिने एक उचलला, पण लावला नाही.

"कितव्यांदा गेला ह्यो?"

"तिसऱ्यांदा," बलभीम म्हणाला. "दिवाळीपस्नं तिसरा. दर खेपेला घालायचा, आठ दिवस चालायचा, की फट्."

"नजर हाय," पाटील आतून म्हणाले. "गाडी घेतली तशी गावाच्या डोळ्यावर आलीय. आईनं आज मोठं लिंबू बांधलंय. लई तोडगे झाले, आता हे शेवटचं."

रुद्रम्मा कंदील घेऊन पुढे गेली आणि बंपरपाशी उकिडवी बसली. लिंबू खरंच मोठं होतं, पपनसाचा धाकटा भाऊ शोभेल असं. खाली सात मिरच्या आणि बिब्बा. हे सगळं बांधकामाच्या चांगल्या जाड तारेत ओवून धुक्याच्या दिव्याच्या मानेला चार वेढे देऊन आवळलेलं. तारेचं टोक मागच्या बाजूला वळून, दिव्याला वीज येते त्या उघड्या स्क्रूवर टेकलं होतं. ती बराच वेळ बघत राहिली. मग तिच्या गालाला खळी पडली.

"पयल्या बारीला लिंबू कशानं बांधलं होतं?"

"दोऱ्यानं," बलभीम म्हणाला. "ते पडलं वाटंत. मग आजी म्हणल्या, तारेनं बांध. मी बारीक तार आणून दिली. मग फ्यूज गेला. आजी म्हणल्या, नजर भारी हाय, तार जाड घे. मग…"

"मग परत गेला."

"व्हय."

"आन् आज त्याच्याहून जाड."

बलभीमचं तोंड उघडं राहिलं. त्याने एकदा लिंबाकडे पाहिलं, एकदा मालकाकडे, आणि तोंड मिटून घेतलं.

"पाटील," रुद्रम्मा उठत म्हणाली, "तुमचा फ्यूज लिंबू खातंय. ते सोडावं लागंल."

गाडीचं दार उघडलं आणि पाटील खाली उतरले. अंगाने आडवे, आवाजाने त्याहून आडवे. "लिंबाला हात लावायचा न्हाय. आईनं बांधलंय. गाडी परत दारात येईस्तोवर सोडायचं न्हाय. मधीच जो सोडंल त्याच्या अंगावर सगळी नजर, असं बोलून बांधलंय. तू फ्यूज घाल आन् मोकळी हो."

"घालीन. चिंच वलांडायच्या आत जाईल."

"तुला काय ठाव?"

तिने खुंटीवरचा दोन लांब तारांचा बल्ब घेतला आणि फ्यूजच्या जागी त्याच्या तारा खोचल्या. मग कोपऱ्यातली तुरकाठी उचलली. "बलभीम, बटन वढ."

बटण ओढताच तिच्या हातातला बल्ब लख्ख पेटला. पिवळा दिवा आंधळाच राहिला; वीज तारेवाटे गाडीच्या लोखंडात उतरत होती. तिने काठीच्या टोकाने लिंबाची तार स्क्रूवरून जराशी बाजूला सारली. हातातला बल्ब मंदावला आणि पिवळ्या काचेत लालसर जीव आला. काठी काढली; बल्ब पुन्हा लख्ख, दिवा पुन्हा मेलेला. तिने तीनदा तसं करून दाखवलं. तिसऱ्या वेळी पाटील नकळत वाकून बघत होते.

"हात न्हाय लावला," ती म्हणाली. "काठीनं हलवलं."

पाटील ताठ झाले. "बलभीम, सोड ते."

बलभीम एक पाऊल मागे सरला. "मालक, माझी बारकी पोरं हायती."

"मग म्या सोडू? आज? पोराच्या साखरपुड्याला जाताना?"

"मी सोडते," रुद्रम्मा म्हणाली.

तिने पक्कड जवळ ओढली.

"बाई," पाटील आवाज खाली आणून म्हणाले, आणि तो खालचा आवाजच जास्त टोचला, "तुला समजत न्हाय का? शुभकार्याला निघालोय. तू…" पुढचा शब्द त्यांनी गिळला. मग चंदेरी कागदाकडे बोट केलं. "बलभीम, तोच कागद गुंडाळ परत. उमरग्यापातुर चाललं तरी बास."

बलभीमने कागदासाठी हात पुढे केला. रुद्रम्माने कागद मुठीत चुरगाळला, कंदिलाची काच वर केली आणि तो बोळा ज्योतीवर धरला. कागदाची कड जळून वाकडी झाली. तिने तो खाली टाकून पायाने चिरडला.

"कागद घालून गाडी ह्या शेडातून जायची न्हाय. फ्यूज जळतो ते गाडी जळू नये म्हणून. वाटंत पेटली तर लोक तुमच्या लिंबाला न्हाय, गुरलिंगप्पाच्या शेडाला नाव ठेवतील."

"मी कोण हाय ठाव हाय न्हवं तुला?"

"मला ठाव हाय. फ्यूजला न्हाय."

बलभीमला ठसका लागला. तो तोंड फिरवून खोकत राहिला, जरा जास्तच वेळ.

"तुमाला थांबायचं तर थांबा," रुद्रम्मा पुढे म्हणाली. तिचा आवाज चढला नव्हता. "धा वाजता धुकं फाटंल. बाकडं हाय, च्या करते. जायचं असंल तर लिंबू सुटलं पायजे. नजर अंगावर येईल म्हणता, येऊ द्या. माझ्या अंगावर आणिक काय यायचं राह्यलंय?"

दुरून एक लॉरी भोंगा वाजवत आली. दिसली मुळीच नाही. आवाज आला, जमीन हादरली, आवाज गेला. पाटलांनी त्या दिशेला पाहिलं. मग खिशातून घड्याळ काढून कंदिलाच्या उजेडात धरलं, परत ठेवलं. त्यांच्या हाताला काय करावं ते सुचत नव्हतं. ते फेटा सारखा करत राहिले.

"बलभीम," ते शेवटी म्हणाले, "मी जरा सडक बघून येतो. किती दिसतंय ते."

काही दिसत नव्हतं हे तिघांनाही माहीत होतं. पाटील शेडाच्या बाहेर चार पावलं गेले आणि मोटारीकडे पाठ करून, हात मागे बांधून धुक्याकडे तोंड करून उभे राहिले.

रुद्रम्मा खाली बसली. पक्कडीने तिने तारेचे चार वेढे एकेक करून उलगडले. उघड्या स्क्रूवर सायकलच्या ट्यूबचा तुकडा ताणून बसवला. करपलेल्या वायरीला पट्टी गुंडाळली. दोन गाठींचा फ्यूज चिमट्यात बसवला. बसताना बारीक टक् आवाज झाला. आता लिंबू बाजूला पडलं होतं. ते तसंच सीटवर टाकून दिलं असतं तरी चाललं असतं. बलभीम तिच्याकडे बघत होता.

तिने डब्यातलं दोऱ्याचं रीळ घेतलं, ज्याच्या गाठी फ्यूजच्या गळ्यात होत्या तेच. दोरा चौपदरी केला, लिंबू, बिब्बा आणि सात मिरच्या पुन्हा ओवल्या, आणि दिव्यापासून वीतभर लांब, बंपरच्या मधोमध बांधून टाकल्या. दोन गाठी मारल्या. ओढून पाहिलं.

"अक्का," बलभीम कुजबुजला, "हे कशाला?"

"त्यांच्या आईनं बांधलंय. पडाया नगं."

बलभीमने बटण ओढलं. पिवळा उजेड जमिनीवरून सरपटत गेला, चिंचेच्या बुंध्याला लागला आणि पाटलांच्या पायांत जाऊन पडला. पाटलांनी खाली पाहिलं. मग वळले, आले, आणि लिंबाकडे न बघता गाडीत बसले. निदान बघितलं नाही असं दाखवलं. बलभीमने मजुरी डब्यात टाकली.

दार लावताना पाटील म्हणाले, "दिवा चांगला पडतोय."

"पडणारच," रुद्रम्मा म्हणाली.

मोटार गेली. मागचा लाल दिवा लगेच विरला, पुढचा पिवळा उजेड मात्र वळणापर्यंत धुक्यात हलताना दिसत राहिला.

त्यानंतर आठ दिवस कुणी आलं नाही. नवव्या दिवशी दीर शेडाचं माप घेऊन गेला. कडबा किती मावेल याचा त्याने पावलांनी अंदाज घेतला. ती पाना पुसत बसली होती, उठली नाही.

"कशाला पुसतीस?" तो म्हणाला. "मोडीत द्यायचाय न्हवं?"

"तुमाला द्यायचा आसंल. मला न्हाय."

शनिवारी एक लॉरी सडकेवरून उतरून सरळ शेडापुढे थांबली. ड्रायव्हर खाली उतरला. अनोळखी होता, सोलापूरकडचा असावा. हातात केळीच्या पानाची पुडी. त्याने ती दोन्ही हातांनी, प्रसाद धरावा तशी पुढे केली. आत लिंबू आणि सात मिरच्या होत्या.

"लिंबू बांधणाऱ्या अक्का तुमीच का?"

रुद्रम्माने हातातला पाना खाली ठेवला. "कुणी सांगितलं?"

"बेंबळीच्या पाटलांनी. साखरपुड्याला सगळ्यांम्होरं म्हणले, जळकोटच्या बाईच्या हाताला गुण हाय. तवापस्नं त्यांची गाडी एकदाबी अडली न्हाय म्हणं." त्याने लॉरीकडे पाहून कपाळाला हात लावला. "माझी चढाला दम टाकतीया. तेवढं बांधून द्या, लई उपकार हुतील. माझ्या मागं आणिक दोघं येणार हायती."

ती त्याच्याकडे बघत राहिली. हसावं की त्या लिंबासकट त्याला सडकेवर घालवून द्यावं, हे तिच्या चेहऱ्यावरून त्याला कळेना. त्याने पुडी आणखी थोडी पुढे केली.

रुद्रम्मा उठली. पदर खोचला. खुंटीवरचा दोन तारांचा बल्ब खांद्यावर टाकला आणि पाना उचलला.

"लिंबू तिथं खिळ्याला अडकव," ती म्हणाली. "आन् आधी बॉनेट उघड."