जर्सीची पिशवी

"मावशी, हे एवढं ऐक आणि काही चुकलं असेल तर सांग. मग छापायला देते," असं म्हणत भाचीनं कागद उलगडले, आणि शिलाई मशीनवर बसलेल्या मावशीचा पाय पायडलवरच थांबला.

भाची शाळेत शिकवते. मैदानाला पन्नास वर्षं झाली म्हणून एक पुस्तिका निघणार होती आणि त्यात बायकांच्या फुटबॉल क्लबवर चार पानं लिहायचं काम हिनं अंगावर घेतलं होतं. हौसच दांडगी! मावशी त्या क्लबची गोलकीपर. तिला सगळ्या 'भिंत' म्हणायच्या.

सुरुवात झकास जमली होती. कपड्यांच्या कारखान्यातल्या बायका जेवणाच्या सुट्टीत चिंध्यांच्या चेंडूनं खेळायच्या, पहिली प्रॅक्टिस चपला घालून झाली, जर्स्या नापास झालेल्या नारिंगी कापडाच्या होत्या आणि त्यांवरचे नंबर भिंतीनंच शिवले होते, हे सगळं होतं. एकीची डावी बाही उजवीपेक्षा बोटभर आखूड होती, हेसुद्धा पोरीनं कुठून तरी खणून काढलं होतं. मावशी हसली. मग शेवटचं पान आलं.

"नऊ वर्षांनी, अंतिम सामन्याच्या सकाळी, कॅप्टन जर्स्यांची पिशवी बसमध्ये विसरल्या. जर्स्या नाहीत म्हणून पंचांनी सामना दुसऱ्या संघाला दिला, संघाचं नाव स्पर्धेतून कटलं आणि आपसांत भांडणं होऊन क्लब बंद पडला." भाचीनं मान वर केली. "बरोबर ना?"

मावशीनं सुईत दोरा ओवायला घेतला. दोरा काही केल्या जाईना.

"उद्या सांगते," ती म्हणाली.

आता पोरीला काय सांगणार? पिशवी कुठल्याही बसमध्ये राहिली नव्हती. ती याच घरात, माळ्यावर, सत्तावीस वर्षं पडून होती.

क्लबचा एक नियम होता. सामन्यात जिची चूक सगळ्यांत मोठी, तिनं सगळ्यांच्या जर्स्या घरी न्यायच्या, धुऊन वाळवून पुढच्या सामन्याला आणायच्या. राग-रुसवा काही नाही, उलट पिशवी नेणारीची यथेच्छ टिंगल व्हायची. कॅप्टननंही दोनदा नेली होती. भिंतीवर मात्र नऊ वर्षांत पाळी आली नव्हती, आणि त्याचा तिला भारी तोरा होता.

अंतिम सामन्याच्या आधीच्या सामन्यात ती पाळी आली. संघ जिंकला, पण एक साधा, रांगत आलेला चेंडू तिच्या दोन पायांमधून आत गेला. सामना संपल्यावर कॅप्टननं पिशवी तिच्या गळ्यात अडकवली आणि म्हणाली, "भिंतीला दरवाजा होता, आज कळलं गं बायांनो!" सगळ्या पोट धरधरून हसल्या. दुसरी कुणी असती तर तीही हसली असती. हिला ते झोंबलं.

जर्स्या तिनं धुतल्या, इस्त्रीसुद्धा केली. पण अंतिम सामन्याच्या सकाळी ती उठलीच नाही. 'येऊ दे हातापाया पडत,' असं तिच्या मनात होतं. आणि कॅप्टन आली. दार वाजलं तेव्हा ही आईला म्हणाली, "मी घरी नाही म्हणून सांग." आईनं जमिनीकडे बघत तसं सांगितलं. कॅप्टन आल्या पावली परत गेली. हिला वाटलं, पुन्हा येईल. ती काही आली नाही.

दुसऱ्या दिवशी कारखान्यात सगळ्या कॅप्टनवर तुटून पडल्या होत्या. कॅप्टननं सांगितलं होतं, भिंतीला ताप होता, पिशवी मी तिच्याकडून आणली आणि बसमध्ये विसरले. एकीनं हिला विचारलंही, "खरंच नेली होती का गं तिनं?"

आणि ही म्हणाली, "हो."

त्या एका 'हो'नं कॅप्टनशी कुणी बोलेना. महिन्याभरात ती दुसऱ्या कारखान्यात गेली. हिनं रोज म्हटलं, उद्या सांगू. लाज वाटायची. मग लाजेचीही सवय झाली.

भाचीनं कागद वाचले त्याच्या दुसऱ्या दिवशी मावशीनं पिशवी माळ्यावरून काढली, झटकली आणि कॅप्टनच्या दुकानात गेली. कॅप्टन आता वह्या-पेनं विकते, केस पांढरेशुभ्र. हिनं पिशवी काउंटरवर ठेवली.

"ही माझ्याकडेच होती," ती म्हणाली. "आणि मी त्या दिवशी घरातच होते."

"माहीत आहे," कॅप्टन म्हणाली. "तुझे बूट दारात होते. तुझ्याकडे दुसरे बूट कुठे होते तेव्हा?"

ही स्टुलावर बसली. "मग सांगितलं का नाहीस? सगळ्यांनी तुला वाळीत टाकलं!"

"तुझं नाव घेतलं असतं, तर तू पुन्हा तोंड दाखवलं असतंस का? मला गोलकीपर हवी होती, बाई. बाकीच्यांना काय, दोन-चार महिन्यांत समजावलं असतं." कॅप्टननं वरची जर्सी उलगडली. आखूड बाहीचीच निघाली. तिनं ती बाही उगाच ओढून बघितली. "चिडवलं ते जरा जास्तच झालं होतं माझं. तेही बोलायचं होतं. पण कारखान्यात मला बघितलं की तू तोंड फिरवायचीस. म्हटलं, मैदानावर येईल. रविवारी सकाळी जाऊन बसायचे."

"किती रविवार?"

"मैदान दुसऱ्या संघाला देईपर्यंत. चार महिने असतील."

ते चारही महिने, दर रविवारी सकाळी, ही खिडकीशी बसून होती. कॅप्टन पुन्हा दार वाजवेल, एकदा तरी हाक मारेल, म्हणून. मैदान तिथून दोन गल्ल्यांवर होतं.

"भाचीला खरं तेच लिहायला सांगते," ती कशीबशी म्हणाली.

"सांग की," कॅप्टन म्हणाली आणि जर्सी घडीवर घडी घालून परत पिशवीत ठेवू लागली. "पण खेळायला आता कोण येणार आहे?"