इलारिओचा घसा बसला त्या दिवशी

इलारिओ कोल्केचं पोट त्याच्या जिभेवर चालायचं. एकोणीस वर्षं तो वाळवंटातल्या सान पेद्रो गावाहून प्रवाशांना गाडीत घालून सकाळी निघे, आणि मिठागर, ज्वालामुखी, फ्लेमिंगो, वरची निळी तळी असं सगळं दाखवून संध्याकाळी परत आणून सोडे. गाडी हाकणं आणि माहिती सांगणं दोन्ही त्याच्याकडेच. गाडी तो बरी हाकायचा. पण बोलायला लागला की वाळवंटातले दगडसुद्धा ऐकायला थांबलेत असं वाटायचं. दगड तसेही थांबलेलेच असतात, असं त्याची बायको म्हणे, पण ते सोडा.

कार्निव्हलच्या शेवटच्या रविवारी इलारिओ दुपारी चौकात गायला उभा राहिला तो अंधार पडेपर्यंत गातच राहिला. सोमवारी सकाळी उठून बायकोला हाक मारायला गेला, तर तोंडातून नुसती हवा आली. सायकलच्या ट्यूबमधून येते तशी. बायकोनं छातीवर क्रूस काढला आणि त्या दिवशीचा चहा अगदी सावकाश, चवीनं प्यायली.

कचेरीत मालकीणबाई मार्गोत म्हणाली, "दुसरा माणूस नाही रे. सगळे कार्निव्हल करून आडवे पडलेत. सात माणसं दारात उभी आहेत. तू नुसतं दाखव. डोंगर आहेत, ते दिसतात. त्यात बोलायचं काय असतं?"

हे वाक्य इलारिओला घशापेक्षा जास्त लागलं.

सात जण गाडीत बसले. इलारिओच्या मागच्या ओळीत रेंखिफोसाहेब, तालकाचे निवृत्त नोटरी, आणि त्यांच्या पत्नी नेलीदाबाई. त्यांच्या मागे ब्राझीलचं एक नवं जोडपं, एकमेकांचे हात न सोडणारं. वाल्पारायसोच्या दोन तरुण डॉक्टरणी. आणि सगळ्यात मागे योस्त नावाचा एक हॉलंडचा माणूस, इतका उंच की त्याचे गुडघे त्याच्या कानांशी बोलत होते. त्याच्या मनगटावर उंची सांगणारं घड्याळ होतं आणि ती उंची तो सर्वांना सांगायचा. "दोन हजार चारशे सात मीटर," त्यानं गाडी सुरू व्हायच्या आधीच जाहीर केलं.

निघण्यापूर्वी इलारिओ रोज एक सूचना द्यायचा: वर हवा विरळ आहे, पळू नका, नाहीतर छाती धरून बसाल. आज ती खुणांनी द्यावी लागणार होती. तो गाडीसमोर उभा राहिला, जागच्या जागी धावला, मग छाती धरली, डोळे पांढरे केले आणि गुडघ्यावर कोसळला. काम चोख केलं होतं. इतकं चोख, की दोन्ही डॉक्टरणी गाडीतून उड्या टाकून आल्या, त्यांनी त्याला रस्त्यावर उताणा पाडला आणि एकीनं त्याच्या शर्टाची तीन बटणं तोडली.

"काका, डावा हात दुखतोय का? नुसती मान हलवा!"

इलारिओनं जोरजोरात मान हलवली, नाही, नाही.

"मान थरथरतेय," दुसरी म्हणाली.

शेवटी मार्गोतनं खिडकीतून ओरडून सांगितलं की त्याचा फक्त घसा बसलाय, बाकी तो असाच आहे. गाडी पाऊण तास उशिरा सुटली.

तोकोनाओ गावाच्या वळणावर त्याची बेनिताआत्या उभी होती. शहात्तर वर्षांची, दोन घागरे एकावर एक, डोक्यावर हॅट, हातात रिकामं पोतं. ती दर काही दिवसांनी अशी उभी राहायची आणि इलारिओ दर वेळी काच खाली करून म्हणायचा, "आत्या, प्रवाशांच्या गाडीत घरची माणसं घ्यायची नाहीत, नियम आहे." आज त्यानं काच खाली केली, तोंड उघडलं, आणि हवा आली.

"सोकायरेपर्यंत सोडतोस ना?" आत्या म्हणाली.

हवा.

"देव तुझं भलं करो, पोरा. एकोणीस वर्षांत पहिल्यांदा वाद नाही घातलास." आणि ती पुढे, इलारिओच्या शेजारच्या जागेवर येऊन बसलीसुद्धा. मौन म्हणजे संमती, हा नियम मार्गोतच्या नियमाहून जुना.

थोडं पुढे गेल्यावर नेलीदाबाईंनी डावीकडच्या टेकडीकडे बोट दाखवून विचारलं, "अहो, ती कुठली?"

ही इलारिओची लाडकी टेकडी. तिच्याबद्दल तो सांगायचा की ती निजलेली राजकन्या आहे, प्रियकराची वाट पाहता पाहता दगड झालेली. ही गोष्ट त्यानं स्वतःच रचली होती, एकदा टायर पंक्चर झालं होतं तेव्हा वेळ काढायला. त्यानं हातांची उशी करून गालाखाली घेतली, डोळे मिटले.

"गाडी चालवताना झोपतोय हा!" रेंखिफोसाहेब ओरडले.

"नाही हो," बेनिताआत्या मागे वळून म्हणाली, "त्या टेकडीला आम्ही गाढवाचं बूड म्हणतो. नीट बघा ना, शेपूटपण आहे."

सगळ्यांनी नीट पाहिलं. होतं. ब्राझीलच्या नवरीनं हसता हसता नवऱ्याचा हात प्रथमच सोडला. इलारिओनं स्टिअरिंग घट्ट धरलं. एकोणीस वर्षांची राजकन्या एका वाक्यात गेली.

त्यानंतर आत्या थांबलीच नाही. इथे तिच्या चुलतभावाला वीज चाटून गेली, तेव्हापासून तो मांजरांना घाबरतो. त्या झाडाखाली दोन पुरुषांनी एकाच दिवशी तिला मागणी घातली, आणि तिनं दोघांना एकमेकांच्या बहिणी सुचवल्या, ती लग्नं अजून टिकून आहेत. मकरवृत्ताच्या पाटीजवळ गाडी थांबली. इथे इलारिओ लोकांना एक पाय अलीकडे, एक पाय पलीकडे ठेवून उभं करायचा. पण आत्या म्हणाली, "वृत्तबित्त असेल तर असेल. आमच्या लोकरवाल्या लामा रोज चरायला इकडून तिकडे जायच्या, एकीलाही कधी काही जाणवलं नाही."

"तीन हजारांच्या खाली आहोत अजून," योस्त म्हणाला. कुणी ऐकलं नाही.

"आजी, सोकायरेला कशाला चाललात?" एका डॉक्टरणीनं विचारलं.

"चोरी पकडायला."

सातही माना पुढे आल्या. इलारिओनं कपाळावर हात मारला. त्याला ठाऊक होतं आता काय येणार, आणि आत्यानं ते सगळं सांगितलंच. सोकायरेत कासिल्दा राहत होती, आत्याची धाकटी बहीण. आईची तांब्याची कढई होती, चान्यार नावाच्या झाडाच्या गोड फळांची काकवी आटवायची, दोन माणसांनी उचलावी एवढी मोठी. चार वर्षांपूर्वी गावजत्रेसाठी म्हणून कासिल्दानं ती नेली आणि परत दिली नाही. मागितली तेव्हा म्हणाली, आईनं मरताना मला दिली. तेव्हापासून दोघी एकमेकींशी बोलत नव्हत्या. आता झाडाखाली फळांचा सडा पडला होता आणि बेनिताआत्याकडे आटवायला होतं एक दुधाचं पातेलं.

"दिली याला साक्षीदार?" रेंखिफोसाहेब पुढे वाकले. निवृत्त होऊन सहा वर्षं झाली होती त्यांना. या सहा वर्षांत त्यांना कुणी काहीही विचारलं नव्हतं.

"साक्षीदार आई. ती गेली."

"मग दोन्ही बाजू ऐकल्याखेरीज काही बोलता येणार नाही," साहेब म्हणाले आणि खिशातून पेन काढलं.

सोकायरेला इलारिओनं आत्याला कोपऱ्यावर उतरवलं आणि गाडी पुढे घ्यायला लागला, तर मागून सातही जण उतरत होते. त्यानं घड्याळाकडे बोट दाखवलं, वरच्या डोंगराकडे बोट दाखवलं, दोन्ही हात पसरून तळं काढलं, पाण्यातला एका पायावरचा फ्लेमिंगोही करून दाखवला.

"काकांना लघवीला लागली असेल," नेलीदाबाई म्हणाल्या. "जा हो तुम्ही, आम्ही आहोत इथेच."

कासिल्दा अंगणात बटाटे सोलत बसली होती. एकाहत्तर वर्षांची, काडीसारखी, डोळे आत्यासारखेच. दारात बहीण आणि तिच्यामागे सात परके लोक, त्यातला एक दारापेक्षा उंच, हे पाहून तिनं सुरी खाली ठेवली नाही.

"पोलीस आणलेस?"

"प्रवासी आहेत."

"चोरी बघायला सान्तियागोहून प्रवासी यायला लागले का आता?"

"चोरी म्हणालीस! ऐकलंत सगळ्यांनी? स्वतःच म्हणाली!"

रेंखिफोसाहेबांनी बटाट्यांच्या पोत्यावर बैठक मारली आणि सुनावणी सुरू झाली. कासिल्दा म्हणाली, आईचं शेवटचं दुखणं मी काढलं. बेनिता म्हणाली, त्या आधीची तीस दुखणी मी काढली. कासिल्दा म्हणाली, तू कढई करपवतेस. बेनिता म्हणाली, तू ती घासत नाहीस. कढई बाहेर आणण्यात आली. योस्त आणि नवरदेव, दोघांनी उचलून. बुडाशी खरोखरच काळं होतं, पण ते कुणाच्या काळातलं हे दोन डॉक्टरणींनाही सांगता येईना. मध्येच कासिल्दानं, भांडण भांडणाच्या जागी, सगळ्यांना बटाटे आणि लामाच्या मांसाचा रस्सा वाढला, कारण पाहुणे ते पाहुणे. नवरदेवानं तीनदा घेतला.

मग साहेबांनी घसा खाकरला. "दोन्ही पक्षांचं म्हणणं ऐकता, सदर कढई वर्षाचे सहा महिने ज्येष्ठ भगिनींकडे आणि सहा महिने कनिष्ठ भगिनींकडे राहील. ने-आणीचा खर्च अर्धा अर्धा."

 अंगणात दाणे टिपणारी कोंबडीसुद्धा थांबली.

"हा कोण?" कासिल्दानं बहिणीला विचारलं. चार वर्षांतला पहिला सरळ प्रश्न.

"काय माहीत. तालकाचा आहे."

"आणि आपल्या आईच्या कढईचे तुकडे करणारा हा कोण लागून गेला?"

"तेच म्हणते मी! सहा महिने म्हणे! फळं का सहा महिने टिकतात?"

"आयुष्यात कधी काकवी आटवली नसेल यानं."

"हात बघ ना त्याचे. उशीसारखे."

दोघी शेजारी शेजारी उभ्या राहून, एकीचं वाक्य दुसरी पुरं करत, साहेबांना असं सोलायला लागल्या की बटाटे सुटले. साहेबांचं पेन खिशात गेलं. नेलीदाबाईंनी नवऱ्याची बाजू घ्यायला तोंड उघडलं, मग विचार बदलून आणखी एक बटाटा घेतला. चाळीस वर्षांच्या संसारात साहेबांना सोलायचं हे काम त्यांना एकटीलाच करावं लागलं होतं.

"आणि हिनं तुम्हाला वाटेत काय काय सांगितलं?" कासिल्दानं पाहुण्यांकडे मोर्चा वळवला. "विजेची गोष्ट? तो चुलतभाऊ मांजरांना जन्मापासून घाबरतो! हिचं एक अक्षर खरं धरू नका. थांबा, मी येते." आणि तिनं शाल घेतली.

फेरीतला शेवटचा थांबा, लाल दगड, बघायला आता वेळच उरला नव्हता. इलारिओनं तो थांबा हातानं हवेत कापून रद्द केल्याचं दाखवलं. कुणालाच वाईट वाटलं नाही. गाडी वर चढू लागली. दोघी म्हाताऱ्या पुढच्या एका जागेवर दाटीवाटीनं बसून तेरा मैल एकमेकींच्या गोष्टी दुरुस्त करत होत्या. तळ्यांच्या फाटकावर प्रवाशांची नोंद करणारा त्यांचाच कुणी भाचा निघाला. त्यानं दोघींना एकत्र पाहिलं आणि वहीत आकडा लिहायचाच विसरला.

"चार हजार एकशे चाळीस," योस्त म्हणाला, पण हळू.

तळं समोर आलं. निळं, इतकं निळं की डोळ्यांना खोटं वाटावं, काठाला मिठाची पांढरी रेघ, मागे बर्फाच्या टोपीचा डोंगर. या ठिकाणी इलारिओ अकरा मिनिटं बोलायचा. किती लाख वर्षं, कुठला लाव्हा, कसं पाणी अडलं. आज तो बाजूला उभा राहिला. आणि दोघी म्हाताऱ्याही बोलेनात. पोरी असताना लामा घेऊन इथे यायच्या त्या. नंतर एकत्र कधी आल्याच नव्हत्या. वाऱ्यानं गवताच्या पिवळ्या झुबक्यांत एक बारीक शिट्टी धरली होती. एकोणीस वर्षांत हजारदा इथे येऊनही इलारिओनं ती कधी ऐकली नव्हती. तो मान वाकडी करून ऐकत राहिला. त्याला थोडी लाज वाटली आणि बरंही वाटलं.

"तू इथे पाण्यात पडली होतीस," बेनिताआत्या शेवटी म्हणाली.

"तू ढकललं होतंस."

"हो," आत्या म्हणाली. "ढकललं होतं."

कासिल्दानं तिच्याकडे पाहिलं, मग ती इतकी हसली की डॉक्टरणींना तिला धरून खाली बसवावं लागलं आणि नाडी बघावी लागली. विरळ हवेचा त्रास कमी करणारी कोकाची पानं चावून झाल्यावर ती उठली आणि म्हणाली की रात्री बेनिताकडेच राहते, उद्या सकाळी फळं वेचू. कढई? ती येताना गाडीच्या टपावर बांधून घेऊ. त्यात ठरवण्यासारखं काय आहे?

परतीला सोकायरेला ती बांधलीही. संध्याकाळचं ऊन जायच्या आत गाडी तोकोनाओला बेनिताआत्याच्या मातीच्या घरासमोर उभी राहिली. आत्यानं वरचा घागरा चाचपला, आतला घागरा चाचपला, पोतं उलटं केलं.

"किल्ली आतच राहिली."

"मग खिडकीतून," कासिल्दा म्हणाली. "आधीसारखं. मीच जायचे ना?"

"तेव्हा तू आठ वर्षांची होतीस!"

"आणि आता काय मोठी जाडजूड झालेय?"

इलारिओनं दोन्ही हात हवेत नाचवून नको नको केलं. पण आज त्याच्या हातांचं कुणी ऐकत नव्हतं. योस्तनं खाली बसून तिला खांद्यावर घेतलं आणि उभा राहिला. कासिल्दा एकदम छपराच्या वर गेली.

"अरे खाली, खाली! चंद्रावर नाही जायचंय मला!"

नवरदेवानं पाय धरले, डॉक्टरणींनी कंबर, नेलीदाबाईंनी शाल. रेंखिफोसाहेब "डावीकडे, जरा डावीकडे" म्हणत होते, आणि या वेळी दोघी बहिणींनीही त्यांचं ऐकलं. डोकं गेलं, खांदे गेले, घागरा क्षणभर अडकला आणि मग सगळंच सुळकन आत गेलं. आतून काहीतरी मोठ्यानं पडल्याचा आवाज आला. 

"बेनिता!" आतून कडक आवाज आला. "ही काय पद्धत आहे का गं? तीन दिवसांची भांडी!"

बेनिताआत्यानं बाहेरच्या सगळ्यांकडे आळीपाळीनं पाहिलं. "पाहिलंत? अजून दारसुद्धा उघडलं नाही," ती म्हणाली आणि दारावर मूठ आपटून ओरडली, "आधी दार उघड, मग बोल!"